शोग्रेन, रक्तवाहिन्यांचा दाह आणि नाकारलेला क्लेम : निदान-कोडिंगचे एक प्रकरण

पार्श्वभूमी

अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावर संधिवाततज्ज्ञांचे एक क्लिनिक आहे. तीन डॉक्टर, शिरेतून औषध देण्यासाठी स्वतःची इन्फ्युजन खोली आणि कोडिंगचे, म्हणजे निदान व सेवा विमा-क्लेमसाठी कोडमध्ये उतरवण्याचे, काम पुण्यातल्या एका टीमकडे, अशी व्यवस्था. तिकडे संध्याकाळी बंद झालेले चार्ट, म्हणजे रुग्णांच्या नोंदी, इकडे सकाळच्या शिफ्टला उघडतात. विमा कंपनीकडून औषधाची आगाऊ मंजुरी घेणारे लोक मात्र क्लिनिकमध्येच बसतात. म्हणजे एकाच रुग्णाचे निदान दोन ठिकाणी, दोन वेगवेगळ्या कागदांवरून कोडमध्ये उतरवले जाते. या प्रकरणाचे मूळ बऱ्याच अंशी इथेच आहे.

रुग्ण पन्नाशी ओलांडलेली स्त्री. नऊ वर्षांपासून शोग्रेनचा आजार. यात शरीराची प्रतिकारयंत्रणा अश्रू आणि लाळेच्या ग्रंथींवर उलटते. स्वीडिश नेत्रतज्ज्ञ हेन्रिक शोग्रेन यांनी १९३३ साली आपल्या प्रबंधात त्याचे सविस्तर वर्णन केले, म्हणून हे नाव. बहुतेकांना डोळे आणि तोंड कोरडे पडण्याचाच त्रास होतो, पण काहींमध्ये आजार सांधे, फुप्फुस, मूत्रपिंड, नसा (मज्जातंतू) आणि रक्तवाहिन्यांपर्यंत पोहोचतो. या बाईंना तोवर डोळ्यांचाच त्रास होता. शोग्रेनमुळे झालेला केराटोकंजंक्टिव्हायटिस (कोरडेपणामुळे डोळ्यांचा दाह) चार्टवर स्पष्ट नोंदलेला होता आणि हायड्रॉक्सिक्लोरोक्विन हे औषध २०० मिलिग्रॅम दिवसातून दोनदा चालू होते.

कोडची बाजूही आधी समजून घ्यायला हवी. अमेरिकेतल्या आयसीडी-१०-सीएम या निदान-कोडच्या संचात ३० सप्टेंबर २०२१ पर्यंत शोग्रेनला मोजकेच कोड होते : एम३५.०० म्हणजे तपशील नसलेला, ०१ डोळ्यांसाठी, ०२ फुप्फुस, ०३ स्नायू, ०४ मूत्रपिंडाच्या नलिका, आणि बाकी सगळे ०९ मध्ये. रक्तवाहिन्यांचा दाह त्या ०९ च्या पोतडीतच जात असे. १ ऑक्टोबर २०२१ पासून नवे कोड आले : ०५ सांधे, ०६ परिघीय मज्जासंस्था, ०७ मध्यवर्ती मज्जासंस्था, ०८ पचनसंस्था, ०ए मूत्रपिंडाचे ग्लोमेरुलस, ०सी दात, आणि या प्रकरणापुरता महत्त्वाचा एम३५.०बी : शोग्रेन, व्हॅस्क्युलायटिससह, म्हणजे रक्तवाहिन्यांच्या दाहासह. हे प्रकरण २०२३ मधले आहे, म्हणजे नवे कोड दीड वर्ष जुने झाले होते. क्लिनिकच्या सॉफ्टवेअरमधली 'नेहमीचे कोड' ही यादी मात्र कोणी हलवली नव्हती. त्यात एम३५.०० एवढा एकच शोग्रेन होता.

काय घडले

पहिल्या भेटीला दोन्ही नडग्यांवर हाताला लागतील असे जांभळे डाग होते, म्हणजे पर्प्युरा. डावे पाऊल उचलता येत नव्हते आणि उजव्या हाताच्या करंगळी-अनामिकेत मुंग्या येत होत्या. डॉक्टरांनी लिहिले, 'व्हॅस्क्युलायटिसचा संशय'. प्रेडनिसोन हे स्टिरॉइड ६० मिलिग्रॅम सुरू केले आणि त्याच दिवशी त्वचेचे दोन पंच बायॉप्सी नमुने घेतले, एक नेहमीच्या सूक्ष्मदर्शकासाठी आणि एक इम्युनोफ्लुरेसन्ससाठी, म्हणजे ऊतीतली प्रतिपिंडे चमकवून पाहण्यासाठी. दोन्ही ताज्या डागांवरचे. डाग दोन दिवसांहून जुना झाला की रक्तवाहिनीच्या भिंतीतले इम्युनोग्लोब्युलिन (प्रतिपिंडे) नाहीसे होऊ लागते आणि दुसरा नमुना वाया जातो.

आठव्या दिवशी दुसरी भेट. बायॉप्सीत त्वचेच्या लहान रक्तवाहिन्यांचा ल्युकोसायटोक्लास्टिक (फुटलेल्या पांढऱ्या पेशींचे तुकडे दिसणारा) व्हॅस्क्युलायटिस आणि भिंतीत आयजीएम व सी३ ही प्रतिकारयंत्रणेची प्रथिने दिसली. अँटी-एसएसए आणि ऱ्हुमेटॉइड फॅक्टर ही प्रतिपिंडे पॉझिटिव्ह, सी४ हे प्रतिकारयंत्रणेचे प्रथिन खूपच कमी. हिपॅटायटिस बी, सी आणि अँका ही प्रतिपिंडे निगेटिव्ह. नसांच्या तपासणीत मोनोन्यूरायटिस मल्टिप्लेक्स निघाला : एकेक नस वेगवेगळ्या जागी दुखावलेली. क्रायोग्लोब्युलिन निगेटिव्ह आले, पण डॉक्टरांचा त्या निकालावर विश्वास बसला नाही, आणि ते बरोबर होते. हे प्रथिन थंडीत साकळते. रक्त आधी गरम केलेल्या नळीत घ्यावे लागते, गोठून सीरम वेगळे होईपर्यंत ३७ अंशांवर ठेवावे लागते आणि मग ४ अंशांवर किमान तीन दिवस, बऱ्याच प्रयोगशाळांत सात दिवस, थांबावे लागते. इथे नमुना साध्या तापमानाला कुरिअरने गेला होता. अशा वेळी प्रथिन गुठळीबरोबरच खाली बसते, सेंट्रिफ्युजमध्ये निघून जाते आणि वरच्या सीरममध्ये काहीच सापडत नाही. नोटमध्ये डॉक्टरांनी लिहिले : 'व्हॅस्क्युलायटिस, शोग्रेन व्हर्सेस क्रायोग्लोब्युलिनेमिया, चाचणी पुन्हा.'

सतराव्या दिवशी रुग्णालयाच्या प्रयोगशाळेतून दुसरा निकाल आला. क्रायोग्लोब्युलिन पॉझिटिव्ह, दुसऱ्या प्रकारचे, म्हणजे मोनोक्लोनल आयजीएम कापा आणि पॉलिक्लोनल आयजीजी यांचे मिश्रण. अठराव्या दिवशी डॉक्टरांनी विमा कंपनीला पत्र लिहिले. त्यात 'शोग्रेनमुळे झालेला क्रायोग्लोब्युलिनेमिक व्हॅस्क्युलायटिस, त्वचा व नसा बाधित' असे स्वच्छ वाक्य होते. उपचारासाठी निवडलेले रिटुक्सिमॅब हे औषध शोग्रेनसाठी लेबलवर, म्हणजे अधिकृत मान्य वापरांत, नाही, म्हणून पत्राची गरज पडली. मंजुरी मिळाली. चोविसाव्या दिवशी १००० मिलिग्रॅमचा पहिला डोस दिला गेला आणि दुसरा चौदा दिवसांनी ठरला.

छत्तिसाव्या दिवशी, म्हणजे दुसऱ्या डोसच्या दोन दिवस आधी, पहिल्या डोसचा क्लेम परत आला. मंजुरीचा क्रमांक क्लेमवर होता, तरी नकाराच्या कारणाचा कोड ११ होता : निदान आणि दिलेली सेवा यांचा मेळ बसत नाही.

अडचण नेमकी कुठे होती

पाठवलेल्या क्लेमवर निदानांचा क्रम असा होता : झेड५१.१२, एल९५.९, एम३५.००. तिन्हींची चूक वेगवेगळ्या जातीची आहे.

झेड५१.१२ हा कर्करोगावरच्या इम्युनोथेरपीसाठी येण्याचा कोड. रिटुक्सिमॅबचे इन्फ्युजन ९६४१३ या सेवा-कोडखाली जाते, कारण क्लिष्ट मोनोक्लोनल अँटिबॉडी त्या गटात येतात. त्या गटाचे नाव केमोथेरपीचे असल्यामुळे कोडरचा हात सरळ झेड५१ कडे जातो. पण झेड५१.१ चा सगळा गट गाठींच्या आजारांसाठी राखीव आहे. संधिवाताच्या रुग्णाला तेच औषध त्याच खुर्चीत दिले तरी पहिला कोड आजाराचाच असतो. क्लेमवर कर्करोगाचे उपचार आणि खाली कर्करोग कुठेच नाही, हे पाहून विमा कंपनीच्या यंत्राने क्लेम बाहेर फेकला यात नवल नाही.

एल९५.९ बायॉप्सीच्या अहवालातून आला. अहवालात 'त्वचा' आणि 'व्हॅस्क्युलायटिस' हे दोन शब्द होते. इंडेक्समध्ये, म्हणजे कोडच्या शब्दसूचीत, तेवढ्यावरून एल९५ मिळतो. पण त्या वर्गाचे पूर्ण नाव टॅब्युलरमध्ये, म्हणजे कोडच्या क्रमवार यादीत, वाचले की 'त्वचेपुरता मर्यादित' हे शब्द दिसतात. ज्या बाईंचे पाऊल लुळे पडले आहे, त्यांचा आजार त्वचेपुरता मर्यादित नाही. शिवाय ल्युकोसायटोक्लास्टिक हे ऊतीत काय दिसले त्याचे वर्णन आहे. ते औषधाच्या प्रतिक्रियेत, संसर्गात, शोग्रेनमध्ये, क्रायोग्लोब्युलिनमध्ये सारखेच दिसते. पॅथॉलॉजिस्ट काचेवर काय आहे ते सांगतो, ते कशामुळे झाले ते उपचार करणाऱ्या डॉक्टरने सांगायचे असते.

एम३५.०० चुकीचा नव्हता, फक्त आंधळा होता. नोटमध्ये डोळ्यांच्या आजाराचा उल्लेख असताना किमान एम३५.०१ तरी यायला हवा होता. यादीत नव्हता म्हणून आला नाही.

आणि सगळ्यात मोठी गोची नोटमध्येच होती. इन्फ्युजनच्या दिवशीच्या नोटमध्ये आठव्या दिवसाची ओळ जशीच्या तशी पुढे ओढली गेली होती : 'शोग्रेन व्हर्सेस क्रायोग्लोब्युलिनेमिया'. सतराव्या दिवसाच्या निकालाने तो प्रश्न सुटला होता, डॉक्टरांच्या डोक्यात तो मिटला होता, पत्रात मिटला होता, पण ज्या कागदावरून कोड लागतो त्या कागदावर तो अजून उघडाच होता.

कोणते पर्याय होते

पहिला पर्याय अपिलाचा. पत्र, बायॉप्सी, क्रायोग्लोब्युलिनचा अहवाल जोडून पाठवायचे. पण अपील हे विमा कंपनीचा निर्णय चुकला असे म्हणण्यासाठी असते. इथे क्लेमच चुकला होता. चुकलेल्या क्लेमचे समर्थन करण्यात आठवडे जातात आणि शेवटी उत्तर येते की दुरुस्त क्लेम पाठवा.

दुसरा पर्याय सगळ्यांना आवडलेला : मंजुरी ज्या कोडवर मिळाली, तेच कोड क्लेमवर टाकायचे. पाच मिनिटांचे काम. टीम लीडने तरी आधी क्लिनिककडून विमा कंपनीला फोन करवला आणि मंजुरीत नेमके काय नोंदले आहे ते विचारून घेतले. नोंद निघाली डी८९.१ (क्रायोग्लोब्युलिनेमिया) आणि एम३५.०८. बी नव्हे, आठ. मंजुरीचा अर्ज फॅक्सने गेला होता आणि रोमन लिपीतला मोठा बी आणि आकडा आठ फॅक्सवर जुळ्या भावांसारखे दिसतात. गंमत अशी की एम३५.०८ हा खरा, चालू कोड आहे : शोग्रेन, पचनसंस्था बाधित. त्यामुळे कोणत्याही यंत्राने तो अडवला नसता. मंजुरीशी जुळवून घेतले असते, तर या बाईंच्या नोंदीत कधी न झालेला पोटाचा आजार कायमचा शिरला असता. कोड मंजुरीवरून लावायचा नसतो, हे टीममध्ये सगळ्यांना पाठ होते, पण असे उदाहरण हाती येईपर्यंत तो परीक्षेपुरता नियम होता.

तिसरा पर्याय जास्त विचार करण्यासारखा. आयसीडी-१०-सीएमच्या नियमांत 'सह' या शब्दाची एक रूढी आहे. कोडच्या नावात किंवा इंडेक्समध्ये दोन आजार 'सह' ने जोडलेले असतील, तर डॉक्टरने त्यांचा संबंध लिहिला नसला तरी तो गृहीत धरायचा, जोवर नोटमध्ये उलट काही म्हटलेले नाही. 'शोग्रेन, व्हॅस्क्युलायटिससह' हे नाव त्यात चपखल बसते. एका अनुभवी कोडरचे म्हणणे होते की क्वेरीची, म्हणजे डॉक्टरांकडे लेखी खुलासा मागण्याची, गरजच नाही, दोन्ही निदाने चार्टवर आहेत, एम३५.०बी लावा आणि पुढे चला. नोटमध्ये फक्त 'शोग्रेन' आणि 'व्हॅस्क्युलायटिस' असते, तर तिचे म्हणणे मान्य झाले असते. पण इथे डॉक्टरांनी स्वतःच दोन कारणे समोरासमोर उभी केली होती. बाह्यरुग्ण विभागाच्या नियमांप्रमाणे संशयित, संभाव्य, 'हे किंवा ते' अशी निदाने निश्चित म्हणून लावता येत नाहीत. आंतररुग्णाच्या डिस्चार्जवेळी अशी निदाने लावता येतात, आणि रुग्णालयाचे कोडिंग करून आलेले लोक इथेच घसरतात. शिवाय नसांच्या बाबतीत ही रूढी फारच ताणावी लागली असती : एम३५.०६ 'परिघीय मज्जासंस्था बाधित' एवढेच म्हणतो, कोणती बाधा ते सांगत नाही.

म्हणून चौथा : डॉक्टरांना क्वेरी, त्यांनी नोटला पुरवणी जोडली तर तीवरून कोड, आणि मग दुरुस्त क्लेम.

क्वेरी कशी लिहिली गेली

पहिला मसुदा ऑडिटरने जवळजवळ पूर्ण खोडला. त्यात सुरुवातच 'क्लेम नाकारला गेला आहे' अशी होती आणि शेवटी विचारले होते, 'हा शोग्रेनमुळे झालेला व्हॅस्क्युलायटिस आहे, असे लिहाल का?' अमेरिकेत क्वेरीसाठी आहिमा आणि अ‍ॅकडिस या संस्थांची मार्गदर्शक तत्त्वे आहेत. क्वेरीत पैशांचा, नकाराचा, मंजुरीचा उल्लेख चालत नाही आणि उत्तर सुचवणारा प्रश्न चालत नाही. मसुद्यात दोन्ही होते. तशी क्वेरी पुढे लेखापरीक्षणात सापडली की पुरवणीच संशयास्पद ठरते.

दुसऱ्या मसुद्यात आधी चार्टमधल्या नोंदी तारखेसह मांडल्या : बायॉप्सी, सी४, दोन्ही क्रायोग्लोब्युलिन निकाल, हिपॅटायटिस सी आणि अँका, नसांची तपासणी, आणि इन्फ्युजनच्या दिवसाची ती 'व्हर्सेस' असलेली ओळ जशीच्या तशी. मग दोन प्रश्न. पहिला : उपलब्ध माहितीवरून त्या दिवशी उपचार केलेल्या व्हॅस्क्युलायटिसचे निदान स्पष्ट करावे. पर्याय पाच : शोग्रेनशी संबंधित व्हॅस्क्युलायटिस (क्रायोग्लोब्युलिनेमियासह किंवा त्याशिवाय), शोग्रेनशी संबंध नसलेला क्रायोग्लोब्युलिनेमिक व्हॅस्क्युलायटिस, त्वचेपुरता मर्यादित व्हॅस्क्युलायटिस, इतर, सांगता येत नाही. दुसरा प्रश्न मोनोन्यूरायटिसच्या कारणाचा, तशाच पर्यायांसह.

सदतिसाव्या दिवशी क्वेरी गेली, अडतिसाव्या दिवशी उत्तर आले. डॉक्टरांनी त्याच दिवसाची तारीख व वेळ घालून, पुरवणी म्हणून, लिहिले : शोग्रेनचा आजार, क्रायोग्लोब्युलिनेमिक व्हॅस्क्युलायटिससह, त्वचा आणि परिघीय नसा बाधित, मोनोन्यूरायटिस मल्टिप्लेक्स त्यामुळेच, दुसरा क्रायोग्लोब्युलिन निकाल पहिल्या इन्फ्युजनपूर्वी पाहिला होता. शेवटचे वाक्य डॉक्टरांनी आपणहून घातले आणि तेच सगळ्यात मोलाचे ठरले. त्यामुळे निदान त्या दिवशी ठरलेले होते, नंतर सुचलेले नव्हते, हे कागदावर आले.

कोड ठरवताना

पहिला एम३५.०बी. त्यावर कोणाचा वाद नव्हता.

दुसरा डी८९.१, क्रायोग्लोब्युलिनेमिया. यावर वाद झाला. डी८९.१ मध्येच क्रायोग्लोब्युलिनेमिक व्हॅस्क्युलायटिस समाविष्ट आहे, मग एकच दाह दोनदा मोजला जात नाही का? टीमचा निर्णय दोन्ही ठेवण्याचा होता. एम३५.०बी दाह कोणत्या आजारातला ते सांगतो, रक्तात कोणते प्रथिन आहे ते सांगत नाही. शोग्रेनखाली संबंधित लक्षणांसाठी जादा कोड वापरा अशी सूचना आहे आणि दोघांमध्ये एक्सक्लूड्स-१ ची, म्हणजे 'हे दोन कोड एकत्र लावू नका' या सूचनेची, भिंत नाही. क्रमही त्या सूचनेनेच ठरतो : आधी मूळ आजार, मग जादा कोड.

आय७७.६ म्हणजे 'आर्टरायटिस, तपशील नाही' हाही कोणीतरी सुचवला. त्याच्यावर बंदी नाही, कारण आय७७ खाली एम३० ते एम३६ हे एक्सक्लूड्स-२ मध्ये आहेत, म्हणजे दोन्ही एकत्र असू शकतात. पण एम३५.०बी ने सांगितलेलेच तो अधिक अस्पष्टपणे सांगतो. गाळला.

पर्प्युरासाठी डी६९.२ ही गाळला. डी६९ खाली क्रायोग्लोब्युलिनेमिक पर्प्युरा एक्सक्लूड्स-१ मध्येच आहे, त्यामुळे डी८९.१ बरोबर तो बसतच नाही. जाता जाता सांगायला हवे की शोग्रेनमधला प्रत्येक पर्प्युरा व्हॅस्क्युलायटिस नसतो. गॅमा ग्लोब्युलिन खूप वाढल्यामुळेही पायांवर डाग येतात, आणि त्याला डी८९.० आहे. डाग दिसले की एम३५.०बी, असा शॉर्टकट कोणी बनवू नये.

प्रयोगशाळेच्या अहवालातले 'मोनोक्लोनल आयजीएम कापा' हे शब्द पाहून मोनोक्लोनल गॅमोपॅथीच्या डी४७.२ चा मोह होतो. दोन कारणांनी नाही : डॉक्टरांनी ते स्वतंत्र निदान म्हणून लिहिलेले नाही, आणि डी८९ खाली मोनोक्लोनल गॅमोपॅथी एक्सक्लूड्स-१ मध्ये आहे. दुसऱ्या प्रकारच्या क्रायोग्लोब्युलिनचा तो भागच आहे.

नसांसाठी एम३५.०६ आणि जी५८.७ दोन्ही. जी५८.७ मोनोन्यूरायटिस मल्टिप्लेक्सचा. इथे पॉलिन्यूरोपॅथीचा कोड लावणे ही नेहमीची चूक. सगळ्या नसा सारख्या झिजणे वेगळे आणि एकेक नस रक्तपुरवठा तुटून मरणे वेगळे. उपचाराची तीव्रता या फरकावर ठरते. त्यानंतर डोळ्यांसाठी एम३५.०१ आणि डाव्या पायाच्या फूट ड्रॉपसाठी (पाऊल उचलता न येणे) एम२१.३७२. मोनोन्यूरायटिस असलेल्या प्रत्येकाचे पाऊल पडत नाही, म्हणून ते वेगळे नोंदले, आणि पावलाच्या ब्रेसच्या मागणीला हाच कोड लागतो. शेवटी औषधांच्या दीर्घकालीन वापराचे कोड : झेड७९.५२, कारण स्टिरॉइड काही महिने चालवण्याचा बेत नोटमध्ये होता, आणि हायड्रॉक्सिक्लोरोक्विनसाठी झेड७९.८९९. रिटुक्सिमॅबसाठी झेड७९.६२० पहिल्या डोसला लावला नाही. ज्या दिवशी औषध पहिल्यांदा शिरेत जाते, त्या दिवशी त्याला दीर्घकालीन वापर म्हणणे ऑडिटरला पटले नाही.

दुरुस्त क्लेम

क्लेमवर निदानांना बारा जागा असतात, पण प्रत्येक सेवा-ओळीला त्यांतली चारच जोडता येतात. औषधाच्या आणि इन्फ्युजनच्या ओळींना एम३५.०बी, डी८९.१, एम३५.०६ आणि जी५८.७ जोडले. डोळे, पाऊल आणि झेड कोड क्लेमवर राहिले, या ओळींना नाहीत.

हात लागलाच आहे तर संख्याही तपासल्या. रिटुक्सिमॅबचा औषध-कोड जे९३१२ दर १० मिलिग्रॅमला एक, म्हणून १००० मिलिग्रॅमचे १०० युनिट. बायोसिमिलरांचे, म्हणजे त्याच औषधाच्या इतर कंपन्यांच्या मिळत्याजुळत्या आवृत्त्यांचे, कोड वेगळे आहेत, त्यामुळे मंजुरीतला औषध-कोड आणि प्रत्यक्ष वापरलेल्या कुप्या एकच आहेत ना हे पाहिले, होत्या. पहिल्या इन्फ्युजनचा वेग ताशी ५० मिलिग्रॅमपासून दर अर्ध्या तासाला ५० ने वाढवत ४०० पर्यंत नेतात. सगळे सुरळीत गेले तर १००० मिलिग्रॅमला ४ तास १५ मिनिटे लागतात आणि नर्सच्या नोंदीत तेवढीच होती. पहिल्या तासाचा ९६४१३ एकदा. उरलेल्या १९५ मिनिटांचे ९६४१५, म्हणजे जादा तासाचे कोड, तीन. शेवटची १५ मिनिटे सोडून द्यायची, कारण जादा तास मोजायला ३० मिनिटांहून जास्त वेळ जावा लागतो. मूळ क्लेमवर ९६४१५ चार होते. ही चूक नकारात कुठेच दिसली नव्हती.

क्लेम बदली-क्लेम म्हणून गेला, फ्रीक्वेन्सी कोड ७ आणि मूळ क्लेमच्या क्रमांकासह. ७ न टाकता नवा क्लेम पाठवला असता तर तो डुप्लिकेट म्हणून अडकला असता. त्याआधी क्लिनिकने मंजुरीतला एम३५.०८ दुरुस्त करून घेतला, या वेळी फॅक्सने नव्हे तर विमा कंपनीच्या पोर्टलवरून.

पहिल्या भेटीचे काय?

चौकशी करताना लक्षात आले की पहिल्या भेटीच्या क्लेमवर आय७७.६ लागला होता, 'व्हॅस्क्युलायटिसचा संशय' या शब्दांवरून. त्याचे पैसे केव्हाच आले होते. दोन प्रश्न उभे राहिले. पैसे आलेला क्लेम उकरायचा का? उकरलाच तर आता एम३५.०बी लावायचा का, कारण शेवटी तेच निघाले?

पहिल्याचे उत्तर हो. चूक कळल्यावर ती ठेवून देणे म्हणजे जाणूनबुजून ठेवणे. दुसऱ्याचे उत्तर नाही, आणि इथे टीममधल्या निम्म्या लोकांचे मत उलट होते. कोड त्या भेटीच्या शेवटी डॉक्टरांना काय ठाऊक होते ते सांगतो. त्या दिवशी बायॉप्सीचा निकालच आला नव्हता. म्हणून त्या भेटीला एम३५.०१, डागांसाठी डी६९.२, मुंग्यांसाठी आर२०.२ आणि एम२१.३७२ लागले. डी६९.२ इथे बरोबर आणि पुढे चूक, असे एकाच रुग्णात दोन्ही घडले, कारण मधल्या काळात निदान ठरले.

निष्पत्ती

बदली-क्लेम मान्य झाला. दुसरा डोस ठरल्या दिवशीच दिला गेला. त्याचा क्लेम टीमने पुरवणी येईपर्यंत होल्डवर ठेवला होता, तो पहिल्याच फेरीत सुटला. पहिल्या भेटीच्या दुरुस्तीने रकमेत फरक पडला नाही. ९६४१५ च्या एका युनिटचे पैसे कमी झाले.

वेगळे काय करता आले असते

सतराव्या दिवशी निकाल आला, तेव्हाच क्वेरी जायला हवी होती. कोडर चार्ट उघडतो तो सेवा झाल्यावर, त्यामुळे त्याला हे दिसूच शकत नव्हते. मंजुरी घेणाऱ्या व्यक्तीला दिसत होते : तिच्या हातात पत्र होते आणि समोर नोट होती. आता लेबलबाहेरच्या प्रत्येक इन्फ्युजनआधी मंजुरीचे पत्र आणि शेवटची नोट शेजारी ठेवून निदानाचे वाक्य जुळते का ते पाहतात. जुळत नसेल तर डोसच्या आधी क्वेरी जाते.

सॉफ्टवेअरची यादी साफ केली आणि दर १ ऑक्टोबरला ती तपासण्याचे काम एका व्यक्तीच्या नावावर टाकले. एम३५.०० यादीतून काढून टाकण्याची सूचना आली होती, ती मानली नाही. फक्त कोरडेपणाची तक्रार असलेल्या, अवयव न नोंदलेल्या रुग्णाला तोच कोड योग्य आहे. त्याच्या शेजारी बाकीचे बारा दिसले की पुरे.

नोटची ओळ पुढे ओढण्याची सवय मात्र सुटलेली नाही. टीमने डॉक्टरांना तयार वाक्य देण्याचा विचार केला, 'शोग्रेनमुळे झालेला व्हॅस्क्युलायटिस' असे एका कळीवर उमटणारे. ऑडिटरने तो हाणून पाडला : तयार वाक्य म्हणजे कायमची सुचवणारी क्वेरी. त्याऐवजी निदानाच्या ओळीत 'व्हर्सेस' हा शब्द सलग दोन नोटांमध्ये आला की सॉफ्टवेअर डॉक्टरांना ती ओळ दाखवते आणि अजून खरी आहे का एवढेच विचारते.

बी आणि आठ यांच्यासाठी उपाय साधा आहे. कागदावर कोडशेजारी त्याचे नाव लिहायचे. 'व्हॅस्क्युलायटिससह' हे शब्द फॅक्सवर कितीही पुसट आले तरी पचनसंस्था असे वाचले जात नाहीत.

भारतातल्या रुग्णालयांचे विमा-अर्ज भरणाऱ्यांसाठी एक गोष्ट. जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आयसीडी-१० मध्ये शोग्रेनला एम३५.० एवढाच कोड आहे, त्यापुढची फोड अमेरिकेची. इथल्या ज्या अर्जावर तोच मूळ संच चालतो, तिथे एम३५.०बी टाकला तर तो अवैध ठरतो. तिथे एम३५.० लिहून दाह, नसा आणि क्रायोग्लोब्युलिन यांचे कोड वेगळे द्यावे लागतात आणि त्यांचा संबंध डिस्चार्ज कार्डावरच्या निदानाच्या वाक्यात यावा लागतो.